सोन्याच्या झाडाला शेतकरी हवा

दसऱ्याच्या आदल्या संध्याकाळी नाहूर स्थानकाबाहेर, अलीकडे भांडुपच्या आणि पलीकडे मुलुंडच्या बाजारात झेंडूच्या ढिगांना लागून आपट्याच्या फांद्या मांडलेल्या असतात. कसारा, खर्डी, आसनगाव, कर्जत या बाजूच्या पाड्यांवरच्या बायका लोकलने गाठोडी घेऊन येतात. गाठोड्यात आपटा असतो, भाताच्या लोंब्या असतात, आंब्याचे टाळे असतात, कुरडूची फुलं असतात. आपट्याची जुडी दहा-वीस रुपयांना जाते. दुसऱ्या दिवशी ही पानं 'सोनं घ्या, सोन्यासारखं राहा' म्हणत हातोहात फिरतात आणि तिसऱ्या दिवशी सोसायटीच्या कचऱ्याच्या डब्यात जातात. दरवर्षी याच सुमारास एक वादही ठरल्यासारखा सुरू होतो. एक बाजू म्हणते, पानं वाटणं बंद करा, झाडं ओरबाडली जातात. दुसरी बाजू म्हणते, वर्षातून एक दिवस, त्यात काय एवढं! या वादात दोन्ही बाजू एक गोष्ट गृहीत धरून चालतात, की हे झाड आपोआप उगवतं आणि आपलं काम एवढंच, की त्याची पानं घ्यायची किंवा नाही घ्यायची. माझं म्हणणं वेगळं आहे. आपट्याचं पान हे या शहराला दरवर्षी, ठरलेल्या दिवशी, मोठ्या प्रमाणावर लागणारं पीक आहे. मागणी पिकाची आणि वागणूक मात्र रानात सापडलेल्या खजिन्यासारखी, यातून झाडाचं नुकसान होतं, ते आणणाऱ्या बाईचंही होतं. आपटा लावला पाहिजे, राखला पाहिजे आणि त्याच्या पानाला पिकवलेल्या मालाची किंमत दिली पाहिजे.

कथा मराठी घरांत बहुतेकांना ठाऊक असते. वरतंतू ऋषींचा शिष्य कौत्स गुरुदक्षिणा देण्याचा हट्ट धरतो. गुरू शेवटी चिडून चौदा विद्यांच्या चौदा कोटी सुवर्णमुद्रा मागतात. कौत्स रघुराजाकडे जातो, तर विश्वजित यज्ञात सर्वस्व दान करून राजाच्या घरात मातीची भांडी उरलेली. याचकाला रिकाम्या हाताने परत पाठवायचं नाही म्हणून रघू कुबेरावर स्वारीची तयारी करतो, आणि कुबेर रातोरात सोन्याचा पाऊस पाडतो. आपल्याकडच्या लोककथेत हा पाऊस अयोध्येच्या वेशीबाहेरच्या आपट्याच्या झाडांवर पडतो. कालिदासाच्या 'रघुवंशा'त, पाचव्या सर्गात, हीच कथा आहे. पण तिथे सोनं पडतं ते राजाच्या कोषागारात. झाडाचा तिथे पत्ता नाही. म्हणजे पुढे कुठेतरी लोकांनी हा खजिना राजवाड्यातून उचलून गावाच्या शिवेवर आणला आणि ज्याला कोणी कुलूप लावू शकत नाही अशा एका वाकड्यातिकड्या झाडावर ठेवला. सोनं पिकवणारं झाड ही कल्पना अशी घडली आहे, आणि लोकांनी ती फार विचारपूर्वक घडवली असं मला वाटतं. कथेतला एक तपशील दोन्ही रूपांत टिकून आहे. रघू सगळी रास देऊ करतो, पण कौत्स गुरुदक्षिणेपुरत्याच मुद्रा मोजून घेतो. लोककथेत उरलेलं सोनं लोकांसाठी खुलं होतं. आज आपण जे 'लुटणं' साजरं करतो, ते या उरलेल्या सोन्याचं. आधीचं मोजून घेणं मात्र आपण विसरलो आहोत.

या कल्पित सोन्याचं समाजातलं काम लहान नाही. दसरा हा साडेतीन मुहूर्तांपैकी एक, आणि या दिवशी खरं सोनं घेण्याची रीत आहे. २०२५मध्ये सोन्याचा भाव तोळ्याला लाखाच्या वर गेला, तेव्हा ही रीत किती घरांच्या आवाक्याबाहेर गेली असेल याचा अंदाज कोणीही करू शकेल. आपट्याच्या पानाला हा भाव लागू नाही. चाळीतला मुलगा आणि टॉवरमधली आजी एकमेकांना तेच सोनं देतात. वर्षभर न बोललेले दोन भाऊ या पानाच्या निमित्ताने एकमेकांच्या दारात उभे राहू शकतात. पान हातात असलं की आलोय कशाला हे सांगावं लागत नाही. लहानांनी मोठ्यांच्या पाया पडायचं, पान द्यायचं, थोडा वेळ बसायचं, एवढाच तो विधी. त्याला पुरोहित लागत नाही, खर्च लागत नाही, आमंत्रण लागत नाही. भांडुप-नाहूर-मुलुंडसारख्या उपनगरात, जिथे लालबहादूर शास्त्री मार्गावरचे कारखाने जाऊन उंच इमारती आल्या आणि शेजारी दर काही वर्षांनी बदलतात, तिथे अनोळखी दार वाजवायला इतकं सोपं दुसरं निमित्त मला दिसत नाही. म्हणून 'पानं वाटणं बंद करा' हा सल्ला मला पटत नाही. तो देणाऱ्यांना झाडाची काळजी आहे, यात शंका नाही. पण बंद होईल ते काय, याचा हिशेब त्यांनी केलेला नाही.

आता दुसऱ्या बाजूकडे वळू. एका दिवसाने काय होतं, असं म्हणणाऱ्यांनी साधा गुणाकार करावा. महापालिकेच्या एस आणि टी या दोन विभागांत, म्हणजे विक्रोळी-भांडुपपासून मुलुंडपर्यंतच्या पट्ट्यात, २०११च्या जनगणनेनुसार दहा लाखांहून अधिक लोक राहत होते. त्यांतल्या फक्त एक लाख घरांनी प्रत्येकी वीस पानं घेतली असं धरलं, तरी वीस लाख पानं होतात, तीही दोन दिवसांत. इतकी पानं एकेक करून खुडायला वेळ कोणाकडे असतो? म्हणून फांद्या तोडल्या जातात. फांदी तुटली की पुढच्या वर्षीची वाढ गेली, फुलं गेली, शेंगा गेल्या. शिवाय इतका आपटा रेल्वेमार्गालगतच्या रानांत आता मिळतही नाही, त्यामुळे गाठोड्यात कांचन शिरतो. दोन्ही झाडं एकाच कुळातली, दोन्हींची पानं टोकाला दुभंगलेली. पण हातात घेतल्यावर फरक कळतो. आपट्याचं पान लांबीपेक्षा रुंद, लहान, जाड आणि खरखरीत असतं, पाठीमागे फिकट राखाडी, आणि देठापासून शिरा पंख्यासारख्या फाकलेल्या स्पष्ट दिसतात. कांचनाचं पान मोठं, लांबट आणि पातळ असतं. रक्तकांचनाचा फुलण्याचा हंगाम सप्टेंबरच्या सुमारास सुरू होतो आणि नेमक्या त्याच वेळी सोसायट्यांच्या कुंपणातल्या, बागांतल्या कांचनाच्या फांद्या ओढून मोडल्या जातात. फुलांवर आलेलं झाड बोडकं होतं, आणि ज्या झाडाची ही पूजा नाही त्या झाडावर तिचा भार पडतो.

परंपरेच्या नावाने कोणी म्हणेल, की शास्त्रात आहे तेच करायचं, त्यात लावणं-राखणं, पीक-बाजार हे कुठून आणता? याला परंपरेतूनच उत्तर आहे. दसऱ्याचं मूळ पूजेचं झाड शमी. पांडवांनी अज्ञातवासात शस्त्रं ठेवली ती शमीवर. शमी हे कोरड्या मुलखाचं झाड. कोकणच्या पावसात ते सहज आढळत नाही. धर्मग्रंथांनी हे ओळखून सोय केली. पंढरपूरच्या काशिनाथशास्त्री उपाध्ये यांनी अठराव्या शतकाच्या अखेरीस रचलेल्या 'धर्मसिंधू'त शमी न मिळाल्यास अश्मंतकाची, म्हणजे आपट्याची, पूजा करावी असं सांगितलं आहे. आपल्या हातातलं सोनं हेच मुळात जागेनुसार केलेल्या बदलातून आलेलं आहे. आणि सीमोल्लंघनाचा विधी गावाच्या शिवेवरच्या ठरलेल्या झाडापाशी होत असे. गावाला ते झाड ठाऊक असे. कोल्हापुरात आजही दसरा चौकात शाही सोहळ्यात शमीपूजन होतं आणि मग सोनं लुटायला झुंबड उडते. तिथे निदान विधी आणि झाड यांची गाठ डोळ्यांसमोर पडते. मुंबईच्या उपनगरात मात्र पूजा एका ठिकाणी, झाड कित्येक किलोमीटरवर, आणि मधल्या अंतरात कोणाची जबाबदारी नाही, अशी स्थिती आहे.

जबाबदारी नसलेल्या मागणीचं काय होतं, याचं एक दुखरं उदाहरण महाराष्ट्रातच आहे. सह्याद्रीत, विशेषतः कोल्हापूर आणि सिंधुदुर्गाच्या घाटमाथ्यावर, नरक्या नावाचं उग्र वासाचं एक छोटं झाड वाढतं. त्याच्यात कॅम्पटोथेसिन हे द्रव्य मिळतं, ज्यापासून कर्करोगावरची औषधं तयार होतात. जीव वाचवणारं झाड, म्हणजे जादूचं म्हणावं असंच. जगाच्या औषध बाजाराला हे कळल्यावर ते रानात टिकवून, लावून, वाढवून घेण्याआधी ट्रक भरभरून तोडलं गेलं. तोडणाऱ्या मजुराला किलोमागे किरकोळ पैसे मिळाले, नफा दूर कुठेतरी झाला आणि अनेक ठिकाणी नरक्याची मोठी झाडं दिसेनाशी झाली. जंगल खात्याने जप्त्या केल्या, गुन्हे नोंदवले, पण तोपर्यंत उशीर झाला होता. आपट्याची तुलना नरक्याशी करणं थोडं जड वाटेल, कारण आपटा दुर्मीळ नाही आणि त्याची तस्करी होत नाही. पण यंत्रणा तीच आहे. ज्या झाडाला समाज मोठं मोल देतो आणि ज्याच्या वाढीसाठी कोणीच काही देत नाही, त्या झाडाला ते मोलच बाधतं.

उलट उदाहरणंही आपल्याकडे आहेत आणि ती पानाचीच आहेत. तेंदूचं पान हे पूर्व विदर्भाच्या उन्हाळ्याचा मोठा आधार आहे. चांगलं पान मिळावं म्हणून हंगामाआधी तेंदूची झुडपं छाटतात. नव्या फुटव्याची पानं मऊ आणि मोठी येतात. म्हणजे तोडणंसुद्धा शास्त्राने केलं, तर झाड वाढतं. १९६९च्या राज्याच्या कायद्याने हा व्यापार सरकारने हातात घेतला. पुढे २००६च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपजाची मालकी तिथे राहणाऱ्यांना दिली, आणि गडचिरोलीतल्या अनेक ग्रामसभा आता तेंदूचे लिलाव स्वतः करतात. मेंढा-लेखा या गावाला २००९मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला, २०११मध्ये बांबूच्या वाहतुकीचे परवाने ग्रामसभेच्या हाती आले, आणि बांबू कधी, किती, कुठून तोडायचा हे गाव ठरवू लागलं. मालकी आली की मोजमाप येतं. मोहाचंही तसंच. आदिवासी शेतकरी शेतात नांगराला अडचण झाली तरी मोहाचं झाड पाडत नाही, कारण त्याची फुलं घरात येतात. वापरामुळे झाड मरतं, हे सरसकट खरं नाही. वापरणारा आणि राखणारा वेगळा झाला, की मरतं.

आपल्या रेल्वेमार्गावरचंच, शहापूरचं उदाहरण मला सगळ्यांत जवळचं वाटतं. तिथल्या कातकरी तरुणांनी आदिवासी एकात्मिक सामाजिक संस्थेच्या माध्यमातून गुळवेल गोळा करून, वाळवून विकायला सुरुवात केली. केंद्राच्या वन धन योजनेचा आधार मिळाला, कोविडच्या काळात गुळवेलीची मागणी वाढली, आणि मोठ्या औषध कंपन्या थेट या तरुणांकडून माल घेऊ लागल्या. गुळवेलीच्या गुणांबद्दल त्या काळात जे अवाजवी दावे झाले त्यांचं समर्थन मी करणार नाही. गुळवेलीच्या काढ्यांनी यकृताला इजा झाल्याच्या नोंदी डॉक्टरांनी केल्या आहेत. मुद्दा व्यवहाराचा आहे. शतकभर उपेक्षित राहिलेल्या, वीटभट्टीवर जगाव्या लागणाऱ्या समाजातल्या पोरांना वजन, प्रत, पावती आणि भाव यांच्या आधारे बाजारात उभं राहता आलं. त्याच तालुक्यातून आपट्याचं गाठोडं घेऊन नाहूरला उतरणाऱ्या बाईला यातलं काहीच मिळत नाही. ती रात्र फलाटावर किंवा पुलाखाली काढते, उरलेला माल टाकून जाते, आणि हटकणारा कोणीही तिला उठवू शकतो. पिकवलेला माल विकणाऱ्याला निदान माझा माल म्हणता येतं. रानातून आणलेलं विकणारी कायम संशयात असते.

व्यावहारिक आक्षेप असा, की एका दिवसाच्या बाजारासाठी कोण लागवड करेल? याला उत्तर त्याच फुटपाथवर शेजारी मांडलेलं असतं. झेंडू हे पूर्णपणे मुहूर्तावर बेतलेलं पीक आहे. पुणे, सातारा, अहिल्यानगर या जिल्ह्यांतले शेतकरी गणपती, दसरा आणि दिवाळीला फूल हाती यावं अशा बेताने लागवडीची तारीख धरतात. भाव पडला तर नुकसान होतं, पावसाने फूल भिजलं तर नुकसान होतं, तरीही पुढच्या वर्षी लागवड होते. आपट्याचा धोका त्याहून कितीतरी कमी आहे. झाड एकदा लागलं की वर्षानुवर्षं उभं राहतं. त्याला खत-फवारणीचा खर्च नाही, कोरडवाहू मुरमाड जमीन चालते, आणि छाटल्यावर ते जोमाने फुटतं. पूर्वी त्याच्या पानांत विड्या वळत, सालीच्या दोऱ्या होत. बांधावर आपटा लावलेल्या शेतकऱ्याला दसऱ्याचे चार पैसे आणि उरलेलं वर्षभर सावली, सरपण, कुंपण मिळेल. झाड हळू वाढतं, ही खरी अडचण आहे, आणि पहिली काही वर्षं हाती काही येणार नाही. म्हणूनच रोपांचा आणि राखणीचा सुरुवातीचा खर्च रोजगार हमीतून उचलला जावा. फळबागांना राज्याने १९९०च्या सुमारास याच मार्गाने उभं केलं होतं, आणि महाराष्ट्राच्या कोरडवाहू डोंगरांवर आज दिसणाऱ्या आंबा-काजूच्या बागांत त्या योजनेचा मोठा वाटा आहे.

पर्यावरणवादी मित्रांचा आक्षेप अधिक गंभीर आहे. ते म्हणतात, विक्रीला मान्यता दिली की राष्ट्रीय उद्यानातल्या झाडांवरच हात पडेल. नाहूरच्या पश्चिमेला सुमारे १०४ चौरस किलोमीटरचं संजय गांधी राष्ट्रीय उद्यान आहे, तिथे आपटा नैसर्गिकपणे वाढतो, आणि वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार तिथून फांदीसुद्धा नेता येत नाही. या कायद्यात ढिलाई आणावी असं मी मुळीच म्हणत नाही. पण आज विकल्या जाणाऱ्या जुडीवर ती कुठून आली याची कोणतीही खूण नसते. उद्यानातून ओरबाडलेली फांदी आणि पाड्यावरच्या बांधावरून खुडलेली डहाळी शेजारी शेजारी, एकाच भावात विकली जाते. लागवडीचा माल बाजारात आला, ग्रामसभेच्या किंवा बचत गटाच्या नावाने आला, तरच चोरीचा माल वेगळा ओळखता येईल. नुसत्या बंदीने तो वेगळा ओळखता येणार नाही. पानांऐवजी पुस्तक द्या, रोप द्या, ही आवाहनं मला आवडतात आणि ज्यांना जमेल त्यांनी जरूर करावं. सोनेरी कागदाची नाहीतर प्लास्टिकची पानं देणं मात्र कोणत्याच बाजूने समर्थनीय नाही. ती कुजत नाहीत, आणि ती बनवणाऱ्या कारखान्याचा पाड्याशी काही संबंध नाही.

उपनगराने स्वतः काय करावं, यावर थोडं सविस्तर लिहायला हवं. पालिकेच्या वृक्षगणनेनुसार मुंबईत सुमारे ३० लाख झाडं आहेत. रस्त्याकडेला आपण अनेक वर्षं गुलमोहर, पर्जन्यवृक्ष, पीतमोहर अशी मोठी, वेगाने वाढणारी परदेशी झाडं लावत आलो. अरुंद पदपथावर, काँक्रीटच्या चौकटीत त्यांची मुळं पसरत नाहीत, आणि दर पावसाळ्यात ती उन्मळून पडतात, कधी माणसाचा जीव घेतात. आपटा हे लहान, वाकड्या खोडाचं, झुकत्या फांद्यांचं देशी झाड आहे. ते विजेच्या तारांपर्यंत जात नाही. त्याची पानं शिडीशिवाय हाताला लागतात, म्हणजे फांदी ओढण्याची गरज पडत नाही. २०२० पासून पालिकेने मियावाकी पद्धतीची दाट वनं लावली, त्यांचा उपयोग वेगळा. त्या दाटीत झाडं प्रकाशासाठी उंच जातात आणि पान खुडण्याजोगं राहत नाही. आपट्याला मोकळी, उन्हाची जागा द्यावी लागेल. राष्ट्रीय उद्यानाखालून जुळे बोगदे काढणारा गोरेगाव-मुलुंड जोडरस्ता नाहूरवरून पूर्वेकडे जातो. अशा कामांत जी झाडं जातात त्यांच्या बदल्यात नवी लावणं कायद्याने बंधनकारक आहे. ती नवी झाडं कुठली, हे ठरवताना आपट्याचं नाव यादीत असावं, एवढी मागणी नाहूर, भांडुप आणि मुलुंडच्या रहिवासी संघटना आजच करू शकतात.

१९७५च्या झाडांच्या जतनाच्या कायद्यामुळे शहरात वृक्ष अधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय फांदी छाटता येत नाही. हा कायदा या कामात अडसर ठरेल असं वाटेल, पण त्याचाच उपयोग करता येईल. पालिकेचा उद्यान विभाग दरवर्षी पावसाळ्याआधी मोठ्या प्रमाणावर छाटणी करतो. आपट्याची छाटणी त्या वेळी न करता दसऱ्याच्या दोन दिवस आधी ठेवावी. पावसाळा संपत आलेला असतो, पान पूर्ण वाढलेलं असतं, आणि पुढे उन्हाळ्याकडे ते झाड पानं टाकतंच. जाणकार माळ्याने, धारदार कात्रीने, किती फांद्या घ्यायच्या ते ठरवून घेतलेली ही छाटणी झाडाला सोसेल, आणि तिच्यातून निघालेली पानं विभागातच वाटता येतील. रात्री चोरून मोडलेल्या फांदीपेक्षा हे झाडासाठी किती बरं, हे वेगळं सांगायला नको.

यावर एक आक्षेप उरतो, आणि तो मला सगळ्यांत जास्त टोचतो. उपनगरानेच स्वतःचा आपटा वाढवला, तर कसाऱ्याहून येणाऱ्या बाईचं काय? दसऱ्याच्या दोन दिवसांची तिची कमाई आपण पर्यावरणाच्या नावाने काढून घेणार का? याचं उत्तर आकड्यातच आहे. वीस लाख पानांची गरज पदपथावरची शे-दोनशे झाडं भागवणार नाहीत. शहरातली झाडं पूजेसाठी, शाळांसाठी, सोसायटीच्या एकत्र सोहळ्यासाठी पुरतील. घरोघरची जुडी बाहेरूनच येईल. तेव्हा शहरातल्या लागवडीसोबत विक्रीची व्यवस्थाही बदलायला हवी. स्थानकाबाहेर त्या दोन दिवसांसाठी बचत गटांना आखून दिलेल्या जागा, पाणी, स्वच्छतागृह, रात्री थांबायला छप्पर. आणि पान फांदीसकट न आणता खुडून, मोजून, पानांच्या द्रोणात बांधून आणलेलं. अशा पुडीला आजच्या जुडीच्या दुप्पट भाव मागितला तरी तो द्यायला उपनगरातला माणूस कुरकुर करणार नाही. मिठाईच्या एका पुड्याला तो त्याहून कितीतरी जास्त देतो. खुडण्याचं काम वाढेल, मजुरी वाढेल, गाठोड्याचं वजन कमी होईल आणि फांदी झाडावर राहील.

कोणी म्हणेल, मोजून, पुडीत बांधून, भाव लावून विकलेल्या सोन्यात जादू ती काय राहिली? कथेतलं सोनं आभाळातून पडलं, ते कष्टाने आलेलं नव्हतं. मला वाटतं, ही भीती बाळगण्याचं कारण नाही. तुळस आपण कुंडीत लावतो, पाणी घालतो, रोपवाटिकेतून विकत आणतो. तिच्याबद्दलची भावना त्याने उणावली नाही. पंढरपूरला चढवलेल्या तुळशीच्या माळा कुठल्यातरी शेतकऱ्याच्या शेतातच वाढलेल्या असतात. नारळालाही आपण कल्पवृक्ष म्हणतो आणि त्याला दर पावसाळ्यापूर्वी आळं करतो. श्रद्धेला पीक लागतं, हे आपल्या समाजाने इतर झाडांच्या बाबतीत केव्हाच मान्य केलं आहे. आपटा तेवढा मागे राहिला, कारण तो वर्षातून एकदाच आठवतो.

आपट्याच्या चपट्या शेंगा हिवाळ्यात पिकतात आणि पुढे बराच काळ झाडावर लटकत राहतात. बी टणक असतं. गरम पाण्यात भिजवून पेरलं तर रुजायला सोपं जातं. हे बी पाड्यांवरच्या बायकांकडूनच विकत घेता येईल. दसरा झाला की दोन-तीन महिन्यांत ही खरेदी सुरू व्हायला हवी, म्हणजे उन्हाळ्यात पालिकेच्या आणि वन विभागाच्या रोपवाटिकांत पिशव्या भरता येतील आणि पुढच्या एका-दोन पावसाळ्यांत रोपं जमिनीत जातील. एस आणि टी विभागांच्या प्रभाग कार्यालयांनी आपापल्या हद्दीतल्या मोकळ्या, उन्हाच्या जागांची यादी त्याआधी जाहीर करावी, आणि ज्या सोसायट्या दर दसऱ्याला गेटवर सोनं वाटतात त्यांनी त्या यादीतलं एकेक झाड पहिली तीन वर्षं पाणी घालायला आपल्याकडे घ्यावं.